मधुदादाचा चावीचा कॅमेरा

पिक्चर काढताना आमच्याकडे सगळ्याचाच तुटवडा असायचा. फिल्म पुरायची नाही, ऊन ऐन वेळी दडी मारायचं, सांगून ठेवलेली बैलगाडी दुसऱ्याच्या लग्नाला गेलेली असायची. किस्से मात्र कधी कमी पडले नाहीत! एक शॉट घ्यायला जावं आणि येताना दोन किस्से घेऊन यावं, असा कारभार. अजूनही आमच्यातले कोणी दोघं भेटले की आधी गुडघ्यांची चौकशी होते, मग एक जण म्हणतो, "ते बीबी गावचं आठवते का बे?" आणि चहा थंड होतो.

आमच्यातले म्हणजे मेहकरातली मोजकी टाळकी. माझा मोठा भाऊ मधुकर, म्हणजे मधुदादा, हा डायरेक्टर. सायकल दुकानवाला विष्णू हिरो. भगवान टेलर म्हणजे पिक्चरमधले उरलेले सगळे पुरुष. रशीदभाई ऑपरेटर, त्यांची तंबू टॉकीज गावोगाव फिरायची. आणि मी, कुसुम. माझं काम काय ते पुढे सांगते. महाराष्ट्र नुकताच झाला होता तेव्हाचं हे. काढलेली फिल्म पोस्टानं मुंबईला धुवायला पाठवायची आणि पोस्टमन दिसला की त्याच्या मागे धावायचं, असे दिवस!

*

दादाला सिनेमा शिकवला कुणी? कुणीच नाही! मॅट्रिक झाल्यावर तो रशीदभाईंच्या हाताखाली लागला. एकदा खेळ चालू असताना रीळ तुटली आणि रशीदभाई नेमके जेवायला गेलेले. तंबूत बोंबाबोंब. दादानं घाईघाईत तुकडे जोडले, ते उलटसुलट जोडले. व्हिलन आधी मेला, त्याची चिता पेटली, आणि मग तोच व्हिलन घोड्यावर बसून आला आणि हिरोला बदडू लागला!

रशीदभाई हातातला घास टाकून धावत आले. "या अल्लाह, ये क्या किया तूने?"

पण तंबूत शिट्ट्याच शिट्ट्या! दुसऱ्या दिवशी तिकिटाच्या खिडकीवर लोक अडून बसले. "कालच्यावानी लावा. मेलेला माणूस परत येते तसं. नाहीतर आम्ही चाललो घरी!"

दादा म्हणायचा, "कुसुम, त्या दिवशी मले समजलं, पिक्चर कात्रीनं होते." तिथून जो नाद लागला तो लागलाच.

*

कॅमेरा मिळाला तो बुलढाण्याच्या एका रिटायर डॉक्टरांकडून. चावीचा! घड्याळाला देतात तशी चावी द्यायची, बटण दाबायचं, खर्रर्र आवाज करत फिल्म फिरायची, आणि हिरोनं तोंड उघडून वाक्य संपवेपर्यंत चावी खल्लास. म्हणून दादाचा कायदा होता: चावी संपली की जो जसा असेल त्यानं तसंच थांबायचं. हात वर तर वर, तोंड उघडं तर उघडं. हलला तर शॉट जुळणार नाही.

एकदा विष्णूच्या दुकानासमोर शूटिंग होतं. भगवान टेलर तापट बाप झालेला. त्यानं पायातला जोडा काढून विष्णूवर उगारला आणि नेमकी फिल्म संपली. दादा बाजूला बसून, फिल्मला उजेड लागू नये म्हणून काळ्या पिशवीत दोन्ही हात घालून नवी फिल्म भरू लागला. भगवान जोडा उगारून पुतळा. विष्णू मान खाली घालून पुतळा.

तेवढ्यात विष्णूचे खरे वडील बाजारातून आले. बघतात तर गावचा टेलर आपल्या पोरावर जोडा उगारून उभा! त्यांनी भाजीची पिशवी ठेवली, स्वतःची चप्पल काढली आणि भगवानच्या पाठीत घालायला सुरुवात केली. भगवान तसूभर हलला नाही. तोंडही न हलवता, दातांतून म्हणाला,

"काका, मारा, पण हालवू नोका!"

*

आता एक सरळ सांगून टाकते. दादाचं विष्णूवर प्रेम होतं. मैत्री-बैत्री नव्हे, प्रेम! आजच्या पोरांकडे त्याला शब्द आहेत, आमच्याकडे नव्हते. एकदा जेवता जेवता त्यानंच मला सांगितलं, "कुसुम, माहं लगन नाही होनार वं. माहा जीव विष्णूवर हाये."

मी म्हटलं, "हे मले आता सांगून राह्यला? साऱ्या युनिटले माहीत हाये. वरण घेतं का?"

विष्णूच्या मनात काय आहे, हे मात्र कुणालाच माहीत नव्हतं. तो रोज यायचा, कॅमेऱ्याचा स्टँड खांद्यावर टाकून दादाच्या मागे रानोरान हिंडायचा, संध्याकाळी आमच्याकडेच जेवायचा. दादानं विषय काढला की सायकलचं एखादं चाक ओढून घ्यायचा आणि ते फिरवत बसायचा. 'हाव' म्हणेना, 'नाही'ही म्हणेना! दादा त्या एका उत्तरासाठी झुरत होता. मला ते बघवत नव्हतं. विष्णूचा मला इतका राग यायचा की त्याच्या ताटात मी मुद्दाम जळकी भाकर वाढायची, आणि तो तीही निमूट खायचा.

आईला यातलं किती कळत होतं देव जाणे. ती विष्णूच्या नावाचं पीठ जास्तीचं मळायची आणि वर विचारायची, "हे पोट्टं रोज आपल्याच घरी काऊन जेवून राह्यलं?" आणि दादासाठी पोरी पाहायची.

अशीच एक पोरगी पाहायला आम्ही लोणारकडे गेलो. पोहे झाले, नाव-गाव विचारून झालं. दादा एकदम मुलीलाच म्हणाला, "हे पाहा, मले बायको नको. फसवनार नाही तुमाले. पन हिरोईन पाहिजे. तुमचा चेहरा कॅमेऱ्यात लय चांगला येईन."

आईनं कपाळाला हात लावला. मुलीचे वडील उठून उभे राहिले. तेवढ्यात मुलगी म्हणाली, "बाबा, मले चालते."

वडिलांचा चेहरा खुलला. "लगन?"

"नाही न बाबा! पिक्चर!"

*

माझं काम सांगायचं राहिलं. आमचे पिक्चर मुके. फिल्मवर आवाज भरायची सोय कुठून आणणार? मग दादानं तोड काढली. खेळाच्या वेळी आम्ही सगळ्यांनी पडद्यामागे सतरंजीवर बसायचं, आणि पडद्यावर ओठ हलले की इकडून बोलायचं! भगवान म्हातारे, सावकार आणि गुंड. विष्णू स्वतःचं स्वतः बोलायचा. बायका सगळ्या मी. आई मी, सून मी, सासू मी, आणि एका पिक्चरमध्ये म्हैसही मीच.

पुढे चिखलीहून मला पाहायला माणसं आली. मी ट्रे पुढे करून "घ्या ना" म्हटलं, आणि मुलगा कपबशीसकट दचकला. "अरे, हा आवाज! हे तं त्या पिक्चरातली खाष्ट सासू व्हय!"

आईला वाटलं, गेलं स्थळ हातचं. पण मुलाची आई पुढे सरकून म्हणाली, "मंग होच म्हना! आमच्या घरात मी एकटी किती बोलू?"

*

मग दादानं त्याच्या मनातला पिक्चर काढला. सायकल दुकानवाला विष्णू आणि कामासाठी परमुलखात गेलेला त्याचा दोस्त. दोस्त म्हणजे भगवान. विष्णूच्या पात्राचं नावही विष्णूच ठेवलं, कारण दुसऱ्या नावानं हाक मारली तर तो वळून पाहायचा नाही. शेवटी दोस्त परत येतो आणि विचारतो, "जनमभर तुह्यासंगं राहू का?" या शेवटच्या शॉटमध्ये दोस्त दिसत नाही. त्याच्या जागी कॅमेरा. पडद्यावर नुसता विष्णूचा चेहरा, सरळ आपल्याकडे बघणारा.

शूटिंगला तो प्रश्न कॅमेऱ्यामागून दादानंच विचारला. विष्णूनं कॅमेऱ्यात पाहिलं. त्याचे ओठ हलले. पण चावीचा कॅमेरा कानाशी खरखरत होता, दादाला काही म्हणता काही ऐकू आलं नाही! आम्ही लांब, झाडाखाली.

"काय म्हटलं बे?" दादानं विचारलं.

"काही नाही. शॉट झाला ना? चाल."

फिल्म धुऊन आल्यावर दादानं तो शॉट इतक्या वेळा लावला की शेवटी रशीदभाई म्हणाले, "मियाँ, फिल्म घिस जाएगी, जवाब नहीं मिलेगा!"

*

आता तो प्रश्न लोकांपुढे बोलायचा कुणी? भगवान म्हणाला, "मधू, मले या मुलखात अजून पायजमे शिवाचे हायेत!" विष्णूनं एक चाक ओढून घेतलं, म्हणजे त्याचीही तयारी नव्हती. दादाचं तोंड एवढंसं झालं. मग भगवाननंच मार्ग काढला. पिक्चर मुका आहे, संवाद आपल्या तोंडात आहे, टाकू बदलून!

मोताळ्याच्या खेळात आम्ही त्या दोघांना भाऊ केलं. विष्णूचा चेहरा आला आणि भगवान पडद्यामागून गरजला, "विष्णू, तू माह्याच बापाचा लेक व्हय! जत्रेत हरपला होता!" विष्णूनं हंबरडा फोडला, "भाऊ!" सारा तंबू रडला.

भगवान काळा आणि आडवा, विष्णू गोरा आणि काटकुळा. खेळ सुटल्यावर एक आजोबा डोळे पुसत मागे आले आणि म्हणाले, "मी तं पह्यल्यापासूनच वळखलं होतं. दोघायचं तोंड अगदी सारखं हाये!"

*

आणि बीबी! बाजाराचा दिवस, तंबू खचाखच. तिथे भगवाननं विचारलं, "विष्णू, माह्या बहिनीशी लगन करतं का?" विष्णू म्हणाला, "करतो!" खेळ संपला. पण लोक उठेनात.

"नवरी कुठी हाये?"

"लगन ठरलं नं? मंग नवरी दाखवा! नवरी पाह्यल्याबिगर आम्ही हालत नाही!"

नवरी आणायची कुठून? दादा पोटापाण्यासाठी बड्या घरच्या लग्नांची फिल्म काढायचा. कापून उरलेले तुकडे डब्यात होते. त्यातला एक त्यानं रशीदभाईंच्या हातात दिला. पडद्यावर शालूतली नवरी आली, तिनं हळूच मान वर केली आणि लाजून हसली. टाळ्यांचा कडकडाट!

तेवढ्यात पुढच्या रांगेतून एक फेटेवाला ताडकन उठला. "अबे, हे तं माही बायको व्हय! मी काय मेलो काय बे?"

*

मेहकरचा खेळ आम्ही शेवटी ठेवला होता. आपलं गाव! पुढे विष्णूचे वडील, बायकांच्या बाजूला आई, मधे अख्खी पेठ. भगवाननं विचारलं, "इथं कोनतं लावाचं? भाऊ का बहीन?"

दादा म्हणाला, "तू सरक. इथं मी बोलतो."

विष्णूनं त्याच्याकडे पाहिलं. मला वाटलं, हा आता उठून जातो! पण तो सतरंजीवर बसून राहिला, दादापासून हातभर अंतरावर. चाक फिरवायला तिथे नव्हतं, म्हणून सतरंजीचं सूत उसवत होता.

शेवटचा शॉट आला. पडद्याच्या मागच्या बाजूनंही तो चेहरा तेवढाच मोठा दिसायचा. दादा स्वच्छ बोलला. "विष्णू, मले जनमभर तुह्यासंगं राह्याचं हाये. राहू का?"

पडद्यावर विष्णूचे ओठ हलले.

पडद्यामागे विष्णूच्या तोंडून शब्द फुटेना! शॉट संपला, पडदा पांढरा झाला. दादानं डोळे मिटून घेतले. मी त्याचा हात धरला. भगवान काहीतरी बोलून वेळ मारून न्यायला उठत होता, इतक्यात बायकांच्या बाजूनं आवाज आला. आमची आई!

"अरे विष्णू, मुका झाला काय रे? मधू कवाचा इचारून राह्यला तुले! सांग ना त्याले!"

झालं! तंबू पेटला. "हाव, सांग ना बे!" "वन्स मोअर!" "रशीदभाई, मांगं घ्या, मांगं घ्या!" रशीदभाईंनी दिवा बंद केला आणि हातानं रीळ उलटी फिरवली.

पुन्हा तो चेहरा आला. पुन्हा दादानं विचारलं, या वेळी एवढंच, "राहू का?"

विष्णूनं पडद्याकडे पाहिलंच नाही. तो दादाकडे वळला आणि असा ओरडला, असा ओरडला, की बाहेर गाड्यांना बांधलेले बैल उठून उभे राहिले.

"हाव!"