सावडीचं गोल्ड

विमलकाकी माझ्या दुकानात आली आणि म्हणाली, "रूपेश, जितेश खेळतो तो बंदुकीचा खेळ माझ्या फोनात टाकून दे." मला वाटलं, बाई थट्टा करतेय. पोशीर नाक्यावर माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. इथे माणसं फुटलेल्या काचा आणतात, विसरलेले पासवर्ड आणतात. पण नवरा गेल्यापासून एकटीने भातशेती ओढणारी, साठीकडे झुकलेली बाई बंदुकीचा खेळ मागायला आलेली मी पाहिली नव्हती. त्यात तो खेळ माझ्या डोक्यात जातो. त्याच्यापायी पोरं चार्जरच्या वायरी ओढून ओढून तोडतात आणि मग हुज्जत माझ्याशी घालतात.

"काकी, बरं आहे ना?"

"बरी हाय. टाकतोस का नाय?"

कारण काढून घ्यायला मला दोनदा चहा मागवावा लागला. जितेश तिचा एकुलता एक, बंगळूरला एका गोदामात कामाला. दर रविवारी त्याचा फोन येतो. जेवलीस का? जेवले. बरी आहेस ना? हां. ठेवू? ठेव. भांडण नाही, राग नाही, दोघांकडे बोलायलाच काही उरलेलं नाही. मागच्या गणपतीत तो आला होता तेव्हाही तसंच. पण एका संध्याकाळी तो पडवीत फोन घेऊन बसला आणि काकीने वेगळंच ऐकलं.

"त्या खेळातल्या पोरांशी काय बोलत होता रं! हसत होता, चिडवत होता. मी आत भाकऱ्या थापत होते. मुद्दाम हळू थापल्या, आवाजानं त्यानं थांबू नये म्हनून. माझ्याशी नाय बोलला तरी चालंल. तो बोलतो तिथं मला नेऊन बसव."

टाकून दिला खेळ. खेळात घ्यायला नाव लागतं, तर तिने आपलं माहेरचं लाडाचं नाव सांगितलं, ठमी. लाजली पण सांगताना. ठमीकडून जितेशला मैत्रीचं आमंत्रण गेलं आणि त्या रविवारी तो फोनवर चक्क हसला.

"आई, तू कुठे यात? तुला माझ्याबरोबर घेताच येत नाही, रँक जुळत नाही आपला. तू गोल्डला ये, मग बघू."

टाळायचं असलं की माणूस जसं बोलतो तसं तो बोलला होता. काकीने मात्र तो शब्द धरून ठेवला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी मी शटर वर करतोय तोवर ती हजर.

"गोल्ड म्हंजे काय, ते सांग."

मी सांगितलं. खेळात प्रत्येकाला एक बिल्ला असतो. ब्राँझ, सिल्व्हर, गोल्ड, डायमंड, असा चढत जाणारा. तो सगळ्यांना दिसतो. त्याशिवाय आत एक आकडा असतो, तो फक्त खेळाला ठाऊक. जिंकलीस की वाढतो, हरलीस की उतरतो. तगड्याला हरवलंस तर जास्त वाढतो, कच्च्याकडून हरलीस तर जास्त उतरतो. त्या आकड्यावरून खेळ तुझ्या तोलाची माणसं शोधतो आणि समोर उभी करतो. अगदी तोलाचं कुणी सापडेना तर जरा थांबतो, मग थोडं उन्नीस-बीस चालवून घेतो. आता जितेश आहे डायमंड. बिल्ल्याच्या सामन्यात त्याला मित्र घ्यायचा तर तो फार तर एक पायरी खालचा हवा, म्हणजे गोल्ड. नाहीतर कच्चा गडी पुढे करून कुणीही सोपे विरोधक मिळवले असते.

"शाळेतल्या इयत्तांवानी."

"तसंच. फक्त इथे हंगाम संपला की सगळ्यांना ढकलून खाली पाठवतात आणि पुन्हा चढायला लावतात."

"कवा संपतो?"

"श्रावण लागायच्या सुमारास."

"म्हंजे लावणी उरकंल तवा," असं म्हणून ती निघाली, बियाणं आणायला जावं तशी.

सुरुवातीचे सामने ती जिंकली आणि मला सांगायला आली. मी बरं म्हटलं. नवख्या माणसाने पहिल्याच दिवशी हरून पळून जाऊ नये म्हणून हे खेळवाले त्याच्यासमोर यंत्राची माणसं सोडतात, ती मरायलाच आलेली असतात, हे तिच्या तोंडावर सांगवलं नाही. मग खरी माणसं आली आणि काकी ब्राँझच्या तळाला जाऊन बसली. तिथून हलेना. कशी हलणार? तुम्ही सारखं जिंकावं असं त्या खेळाला वाटत नाही आणि सारखं हरावं असंही नाही. एकदा जिंकलात, एकदा हरलात, की त्याच्या मते सगळं छान जुळलेलं असतं. काकी सोबतच्या पोरांना विचारायची, "बाला, जेवलास का?" पोरं शिव्या तरी द्यायची, नाहीतर तिचा आवाज बंद करून टाकायची. आवाज बंद केलाय हे तिला कळायचं नाही. ती उत्तराची वाट बघत राहायची.

मग भाताची लावणी आली आणि काकीला तिचा मार्ग सापडला. आमच्याकडे अजून सावड चालते. आज तू माझ्या शेतात लावणीला ये, उद्या मी तुझ्या शेतात येते, मजुरीचा प्रश्नच नाही. काकीच्या शेजारी भाग्यश्री राहते, बदलापूरहून लग्न होऊन आलेली. ती त्या खेळात अशी पोचलेली की तिचा बिल्ला बघून मीही चाट पडलो. पण चिखलात वाकायला ती मनापासून कंटाळायची. काकीने तिच्याशी सरळ सावड ठरवली. तू माझा खेळ लाव, मी तुझं भात लावते.

झालं. काकी शेजाऱ्यांच्या खाचरात कमरेत वाकलेली आणि भाग्यश्री ओटीवर पाय पसरून ठमीचा बिल्ला चढवतेय. भाग्यश्रीची सासू कुरकुरली, पण काकीचा हात लावणीला असा चालतो की तिनेही तक्रार सोडली.

मला कळलं तेव्हा मी काकीला स्पष्ट सांगितलं. "काकी, हे चालायचं नाही. बिल्ला गोल्डचा आणि हात तुझे. खेळाला वाटणार तू खरंच गोल्डची, तो तुझ्यासमोर तसलीच माणसं आणणार."

"माझ्या शेतात धा जनी लावतात. म्हनून भात काय त्यांचं होतं?"

खरं सांगायचं तर तिचा उत्साह मोडायची माझी छाती झाली नाही.

ठमी गोल्डला आली. जितेश फोनवर "काय सांगतेस!" म्हणाला, रविवारी दुपारी ये म्हणाला. ऐन वेळी काही अडलं तर सावरायला कुणी हवं, म्हणून ती माझ्या दुकानात आली. धुवट लुगडं, केसांत अबोली. कानात घालायच्या वायरी तिला नको होत्या, म्हणून आवाज बाहेरच ठेवला. माईक मी बंद केला, कारण नाक्यावरून टेंपो सारखे जात होते.

चौघांची तुकडी. जितेश, त्याच्या खोलीवरचे दोन मित्र आणि चौथ्या जागेवर ठमी. जितेशनेच तिला आत घेतलं. आणि त्याचा आवाज आला. हसरा, भरभरून बोलणारा. काकीने माझा हात धरला. "ऐक रं," ती म्हणाली, जणू मला ऐकू येत नव्हतं.

सामना सुरू होऊन जरा वेळ झाला न झाला तोच ठमी मेली. पलीकडचे सगळे तयारीचे होते. ती कुठून मेली तेही तिला कळलं नाही. पण त्या खेळात मेलेल्याला लगेच बाहेर काढत नाहीत. उरलेल्या सोबत्याच्या नजरेने पुढचा खेळ बघत बसता येतं. मी जितेशची नजर लावून दिली. तो पळेल तिकडे काकी पळत होती, तो वाकला की स्टुलावर वाकत होती. इतकी आनंदात मी तिला कधी पाहिली नव्हती.

"माईक चालू कर ना. मी हाय म्हनून सांगते त्याला."

मी बोट पुढे नेलं, तेवढ्यात त्याचा एक मित्र ओरडला. "अबे, ये ठमी कौन है? आते ही मर गई!"

जितेश म्हणाला, "पता नहीं यार. सिस्टम ने डाला है."

चौथी जागा रिकामी राहिली की खेळ कुणालाही आणून तिथे बसवतो, त्यामुळे मित्रांना ते पटलं. ते हसले. तोही हसला, तसाच, भाकऱ्या थापताना ऐकला होता तसा.

काकीने माझा हात सोडला. सामना संपेपर्यंत ती त्याच्या नजरेने बघत राहिली, पण स्टुलावर ताठ बसून. ते हरले. थोड्या वेळाने जितेशचा निरोप आला, तो मी वाचून दाखवला. "आई, आता नको येऊस. माझे पॉइंट जातात."

माझं डोकं फिरलं. "लाव फोन त्याला. चांगला झाप. आईला ओळख द्यायची लाज वाटते?"

"कशाला? खोटं काय बोलला? आई काय कुनी निवडून घेतो? जोडी लावनाऱ्यानं लावली, त्याच्या वाट्याला मी आले." तिने फोन उचलून हातात घेतला. "मी त्याच्या आकड्याची नाय, येवढंच." मग तिने पदराने फोन पुसला आणि तोच पदर डोळ्यांना लावला. मला रडू आलं, पण दुकानात गिऱ्हाईक आलं.

भाग्यश्रीच्या शेतातली सावड थोडी बाकी होती. दुसऱ्या दिवशी सकाळी काकी जाऊन ती पुरी करून आली. मग श्रावण लागला, खेळाचा हंगाम संपला, सगळ्यांना खाली ढकललं. जितेश डायमंडवरून गोल्डला आला. ठमीही घसरली, आणि सावड फिटल्यामुळे आता तिला चढवायला कुणी नाही.

काकी आता खेळत नाही. पण खेळ तिने फोनातून काढू दिला नाही. संध्याकाळी ती तो उघडून ओटीवर भिंतीला टेकून ठेवते. जितेश खेळायला आला की त्याच्या नावापुढे हिरवा ठिपका लागतो. तो लागला की काकी आत जाऊन आपलं ताट वाढून आणते आणि फोनसमोर जेवायला बसते. कधी ठिपका उशिरा लागतो, तेव्हा भात गार झालेला असतो.

रविवारी त्याचा फोन येतो. "जेवलीस का?" तो विचारतो. तुझ्याबरोबरच जेवले, असं ती म्हणत नाही. जेवले, म्हणते, आणि तो फोन ठेवतो.