पालथ्या पाट्या

"डोळं मिटा. ज्याला न्हाय समजलं त्यानं पाटी पालथी घाला. लाजायचं न्हाय. हितं कुणी बघत न्हाय, मी सोडून."

धडा संपला की आमच्या हेडगुरुजींचं हे ठरलेलं. पिंपळीजवळच्या एका वाडीवरची शाळा. मास्तर दोनच, ते आणि मी. मी नवा, अजून कायम व्हायचा होतो. मी 'समजलं का?' विचारलं की चाळीस पोरं 'व्हय जी!' करून छप्पर उडवायची. मी खूश!

गुरुजी म्हणायचे, "मास्तर, त्या 'व्हय जी'वर जाऊ नका. वाटंनं जानाऱ्याला 'जेवला का' विचारा, उपाशी असला तरी व्हयच म्हनंल."

एक जरी पाटी पालथी दिसली, तर पुढचा धडा नाही, हा त्यांचा नियम. एकदा हातच्याच्या वजाबाकीपायी वर्ग आठ दिवस अडला. चिंचोके झाले, हरभरे झाले, शेवटी गुरुजींनी कोटाची बटणं तोडून पोरांपुढे मांडली. त्यातलं एक हरवलं ते हरवलंच.

मग दिपोटीसाहेब तपासणीला आले. "अपूर्णांक समजले का?" "व्हय जी!" साहेब शेरा लिहायला बसले. माझा जीव भांड्यात पडला, कारण अपूर्णांक मी शिकवले होते. तेवढ्यात सवयीनं गुरुजी बोलून गेले, "डोळं मिटा."

अहो, फटाफट पंचवीस पाट्या पालथ्या! साहेबांनी काही डोळे मिटले नव्हते.

"अपूर्णांक कुणी शिकवले?"

माझी नोकरी गेलीच म्हणा ना!

"मीच की," गुरुजी म्हणाले.

साहेबांनी खराब शेरा लिहिला, त्यापायी गुरुजींची बदली झाली, पार नदीकाठी पळसदेवला. मी कायम झालो. मला हुंदका आवरेना, तर म्हणाले, "रडताय कशापायी? भाकरी घ्या, तुकडं करा, पुन्यांदा शिकवा."

जायच्या दिवशी ते वर्गापुढे उभे राहिले. "मी चाललो. आता ह्या मास्तरांचं ऐकायचं. समजलं का?"

कुणी 'व्हय जी' म्हणालं नाही.

"बरं, डोळं मिटा."

मीही मिटले. पण राहवेना, एक डोळा किलकिला केला. चाळीसच्या चाळीस पाट्या पालथ्या! माझ्याजवळ पाटी नव्हती, म्हणून मी हजेरीचं पुस्तक पालथं घातलं.

गुरुजींनी कोटावरच्या हरवलेल्या बटणाच्या जागी बोट फिरवलं. मग पिशवी उचलली आणि पाट्या तशाच पालथ्या ठेवून निघून गेले. असं त्यांनी आधी कधी केलं नव्हतं.