घाटात उलटी फिरलेली गाडी

पूर्वी खंडाळ्याची हवा साहेबांना नि पारशी शेटांनाच. घाटात आगगाडी झाली, मग वैद्यानं सांगितलं की आम्हा गिरगावातल्या कारकुनांच्या घरचे लोकही तिसऱ्या वर्गाची तिकिटं काढू लागले. आमचे हे वर्षभर खोकत होते. थुंकीतून रक्त पडलं तेव्हा वैद्य म्हणाले, डोंगरावर न्या, नाहीतर दिवाळी दिसायची नाही. माझा मामा खंडाळ्याला एका बंगल्यावर आचारी होता, त्यानं खोली मागून ठेवली.

पण तेव्हा मुंबईत प्लेग. ज्याचं अंग तापलेलं त्याला कल्याणला गाडीतून उतरवून घेत, नि ह्यांना तर रोजचाच ताप. सासूबाईंनी गार पाण्याचा तांब्या ह्यांच्या हातांत दिला तो कल्याणपर्यंत खाली ठेवू दिला नाही. डॉक्टरनं मनगट धरलं, काखा चाचपल्या नि पुढे गेला. देवाला इतक्या हाका मी बाळंतपणातही मारल्या नव्हत्या.

कर्जत मागे पडलं, घाट लागला. अर्ध्या डोंगरावर गाडी थांबली. पुढचं इंजिन सोडलं नि मागच्या टोकाला आणून जोडलं. म्हणजे आलो तिकडेच तोंड. सासूबाई पांढऱ्याफटक पडल्या.

"अगं, कळलं त्यांना. परत नेतायत. उतरव त्याला."

शेजारच्यांना विचारावं, तर ताप उघडा पडणार. गाठोडी खाली टाकली, ह्यांना काखेत हात घालून उतरवलं, खडकाआड बसवलं. गाडी सुटली नि आमच्यादेखत वर चढत गेली.

उभा चढ एका दमात चढवत नाही, म्हणून रूळ तिथून उलट वळून वर जातात नि प्रत्येकच गाडी तिथं तोंड फिरवते, हे रुळांवर काम करणाऱ्या एका खलाशानं हसत सांगितलं. मग त्याची नजर ह्यांच्याकडे गेली नि तो दहा पावलं मागे सरला. खंडाळा जवळच होतं म्हणे, पण ह्यांच्यानं उभंही राहवेना नि हात लावायला कोणी पुढे येईना. मी पाठीवर घेऊन बघितलं, दोघंही खडीवर पडलो. तिथल्या ठेसनाचे मास्तर लांबूनच बोलले, तापाचा माणूस वर जाणाऱ्या गाडीत घेणार नाही, खाली जाऊन डॉक्टरला दाखवा. सासूबाई त्यांच्यापुढे पदर पसरून बसल्या, तरी नाहीच.

हे मला म्हणाले, "आलोच आहोत तर बसू या जरा. वारा बरा आहे."

खाली जाणारी गाडी यायला दोन तास होते. तेवढाच डोंगर त्यांच्या वाट्याला आला. मग आम्ही दोघींनीच त्यांना त्या गाडीत चढवलं.