श्रावणातला केक

आमचे बाबा बोटीवर कुक होते. वर्षातून एकदा सुट्टीवर रत्नागिरीला आले, की आईला पाटावर बसवून स्वतः केक करायचे. तव्यावर वाळू, वाळूवर डबा, डब्याच्या झाकणावर करवंटीचे निखारे. अर्धं पीठ पांढरं, अर्धं कोको घातलेलं. दोन्ही एकाच डब्यात ओतून सुरीच्या टोकाने एकच वळसा. वर लोणी-साखरेचं आयसिंग, त्यावर वरवंट्याने फोडलेल्या बटरस्कॉचच्या गोळ्या. आळीतली पोरं वासानेच गोळा व्हायची.

शहाऐंशी साली ते आजारी होऊनच उतरले. छातीचं दुखणं. डॉक्टरांनी चुलीपाशी उभं राहायलाही मनाई केलेली. ट्रंकेत बटरस्कॉचच्या गोळ्यांचा डबा मात्र होता. एका संध्याकाळी आईला म्हणाले, "या वेळी केक तू कर. मी बसून सांगतो."

"श्रावण लागलाय. अंडं कसं आणू घरात? गणपती होऊ देत, मग करू हां."

"बरं," बाबा म्हणाले. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ते उठलेच नाहीत.

आई रडली नाही. भिंतीला टेकून बसे आणि म्हणे, "मागितलानी काय, तर केक." भेटायला येणाऱ्या बायका तिला देवाची इच्छा समजावून सांगत. मला त्या बायका डोळ्यांसमोर नकोशा व्हायच्या.

दहाव्याच्या आदल्या दिवशी ती उठली, उद्या पिंडाशेजारी केक ठेवायचा म्हणाली आणि शेजारणीकडून अंडी मागवली. काका, म्हणजे बाबांचे धाकटे भाऊ, माळकरी होते. गळ्यात तुळशीची माळ, लसूणसुद्धा वर्ज्य. ते हबकलेच. "वहिनी, श्रावणात, सुतकात, पिंडाशेजारी अंडं? लोक तोंडात शेण घालतील."

"घालू देत. माझ्या हातून राहिलंय ते."

तिने वाळू तापवली. पीठ जरा जास्तच ढवळलं, रंग एकमेकांत गेले, बूडही करपलं. आयसिंग करून तिने गोळ्यांचा चुरा टाकला आणि अर्धा केक केळीच्या पानात बांधून आमच्याकडे दिला.

दहाव्याला खाडीकाठी मी पिंड ठेवले, शेजारी केक. कावळे समोरच्या माडावर बसलेले, पण एक खाली येईल तर शपथ. काका हात जोडून म्हणाले, "दादा, वहिनीला आम्ही बघू. पोराचं शिक्षण अडू देणार नाही." कावळे ढिम्म. मला त्यांचा असा संताप आला, की दगड भिरकवावासा वाटला. शेवटी भटजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला शिववला आणि विधी उरकला. केक काकांनी खाडीत सोडला.

आई मागच्या दारात उभी होती. पाय धुऊ देण्याआधीच तिने विचारलं, "घेतलानी?"

काका जन्मात कधी खोटं बोललेलं मी ऐकलं नव्हतं. ते म्हणाले, "घेतलान, वहिनी. पिंडाला मागाहून शिवला. आधी केक."

आई तिथेच खाली बसली आणि बाबा गेल्यापासून पहिल्यांदा रडली. रडू दिलं आम्ही. मग डोळे पुसत आत गेली, उरलेला केक घेऊन आली. मला तुकडा दिला आणि दुसरा काकांपुढे धरला.

"तुमच्या दादांनी घेतलानी. आता तुम्ही नको म्हणू नका."

काकांनी माझ्याकडे बघायचं टाळलं. गळ्यातली माळ उतरवून खुंटीला अडकवली, आणि करपलेल्या बुडासकट तुकडा खाल्ला. "चांगला झालाय," म्हणाले.

ती माळ त्यांनी पुन्हा घातली नाही. पुढे केव्हातरी आईने कारण विचारलं, तर म्हणाले, "मासे खावेसे वाटतात हो." मासे मात्र त्यांनी मरेपर्यंत खाल्ले नाहीत.