लालपंचाच्या मुखवट्याखाली

भुसावळ स्टेशनाबाहेर रद्दीचं एक दुकान होतं. स्वातंत्र्यानंतर रेल्वेतले अँग्लो-इंडियन गार्ड आणि ड्रायव्हर एकेक करून विलायतेला निघाले, तसं त्यांच्या बंगल्यांतलं काहीबाही त्या दुकानात येऊन पडायचं. पियानोच्या नोटांची पुस्तकं, औषधांचे कॅटलॉग, आणि एकदा सुतळीनं बांधलेला चित्रांच्या पुस्तकांचा गठ्ठा. वरच्याच पुस्तकावर एक धटिंगण आभाळातून उडत चाललेला. तोंडावर काळा मुखवटा, पाठीवर लाल पंचा, आणि चड्डी विजारीच्या वरून घातलेली. मी मोठ्यानं हसलो. दुकानदारानं चमकून पाहिलं. माझं हसणं ऐकून मलाही चमत्कारिकच वाटलं, कारण बायको गेल्यापासून मी तसा हसलो नव्हतो.

तो गठ्ठा मी पोरीसाठी घेतला. पोरगी तेव्हा पाच वर्षांची. ती दहा महिन्यांची असताना तिची आई विषमज्वरानं गेली. मी धुळ्याला कचेरीत कारकून, खानावळीत जेवणारा, एका खोलीत राहणारा. माझे आईवडील आधीच गेलेले. तेवढं लेकरू मी कुठं ठेवणार होतो, टेबलाच्या खणात? बायकोचा मोठा भाऊ तेराव्यालाच म्हणाला, "पोर आमच्याकडे राहू द्या. आमच्या चारांत पाचवी." त्याला सगळं गाव नाना म्हणायचं, मीही नानाच म्हणायचो. भुसावळच्या पुढं, केळीच्या पट्ट्यात त्यांचं गाव. मी महिन्यातून एकदा जायचो. धुळ्याहून जळगावपर्यंत एस.टी., जळगावहून आगगाडी, भुसावळला गाडी बदलायची, आणि शेवटचे दोन कोस बैलगाडी मिळाली तर बैलगाडी, नाहीतर पाय.

आता एक सांगायला हवं, नाहीतर पुढचं कळणार नाही. आमच्या खानदेशात जावयाला पाहुणे म्हणतात. नावानं कुणी हाक मारत नाही. मी वेशीत दिसलो की अंगणातून ओरडा व्हायचा, "पाव्हने आले वो!" मग बाज टाकायची, पाय धुवायला पाणी, गूळ, चहा. लहानथोर सगळे पाव्हने, पाव्हने करत पुढं मागं. त्या घरात बोलायला शिकलेली पोर दुसरं काय म्हणणार? अडीच वर्षांची असताना ती दारात आली, माझ्याकडे बोट दाखवलं आणि म्हणाली, "पाव्हने." सगळे पोट धरून हसले. मीही हसलो. मूर्ख माणूस! तिथंच तिला मांडीवर घेऊन सांगायला हवं होतं.

पुढं एकदा तिच्या मामीनं सांगितलं, "अगं, तो बाप आहे तुझा." पोरीनं मागं वळून पाहिलं, कोण आलंय म्हणून. नानांची स्वतःची मुलं त्यांना नानाच म्हणायची आणि मामीला माय म्हणायची. तीही तेच म्हणायची. त्या हाकांमध्ये मला शिरायला कुठं फटच नव्हती.

तर तो गठ्ठा. धुळ्याला खोलीवर आणून उघडला आणि लक्षात आलं, सगळं इंग्रजी. माणसांच्या तोंडातून पांढरे फुगे निघालेले आणि त्यांत बोलणं. मला मॅट्रिकपुरतं इंग्रजी येत होतं, पण पोरीला काय उपयोग? मग मी उद्योग काढला. कचेरीतून सुटलो की कणकेची खळ शिजवायची. झुरळं आणि मुंग्या लागू नयेत म्हणून तिच्यात चिमूटभर मोरचूद घालायचा, हे मला आमच्या दप्तर बांधणाऱ्यानं शिकवलं. कोऱ्या कागदाचे फुग्याच्या मापाचे तुकडे कापायचे, टाकानं त्यांवर मराठी लिहायचं, आणि इंग्रजीवर चिकटवायचं. एका पुस्तकाला पंधरा-वीस दिवस लागायचे. खानावळवाल्या अक्का मला म्हणायच्या, "भाऊ, हाताला काय लागलंय? जेवताना तरी धुवा." खळ नखांत वाळायची, ती निघायची नाही. पण खोटं कशाला बोलू, त्या दोन वर्षांत तेवढेच तास माझे बरे गेले.

मूळ गोष्टीचं मी काही ठेवलं नाही. त्या उडत्याचं नाव ठेवलं लालपंचा. हा दिवसा कुठल्याशा कचेरीत खाली मान घालून काम करणारा साधा माणूस, आणि कुणी अडचणीत सापडलं की पंचा लावून आभाळात. हे मात्र मुळातच तसं होतं, मी घातलं नाही. पण वाचलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. बाकी सगळं माझं. तो तापीच्या पुरातून म्हशी काढायचा. रुळावरची मालगाडी हातानं थांबवायचा. एका चित्रात तो उंच इमारत तोलून उभा होता, तिचा मी हिरव्या शाईनं केळीचा बाग केला. चोर हिंदीत बोलायचे, सावकार मारवाडी वळणाचं बोलायचा, आणि लालपंचा बोलायचा पोरीसारखं, केळीच्या पट्ट्यातलं. "घाबरू नको, मी आलो ना!" हे त्याचं ठरलेलं वाक्य. मुखवटा काढलेली चित्रं मी गाळायचो, कारण खाली निळ्या डोळ्यांचा साहेब निघायचा. तो चालला नसता.

पुस्तक टपालानं पाठवायचो. आणि वेष्टनावर, पाठवणार म्हणून, लालपंचा असं लिहायचो. शहाणपणा! मला वाटलं, पोरीला गंमत वाटेल.

गंमत कसली, अख्खं गाव वेडं झालं. नाना ओट्यावर बसून मोठ्यानं वाचायचे. गडीमाणसं, शेजारपाजार, सगळे ऐकायला. पोरगी नानांच्या मांडीवर बसून चित्र कुठलं ते बोटानं दाखवायची. पोष्टमन दिसला की वेशीपर्यंत पळत जायची. मी गेलो की पहिल्यांदा माझ्याजवळ यायला लागली, पण विचारायची काय? "पाव्हने, धुळ्याले लालपंचा दिसतो का?" मी म्हणायचो, दिसतो कधीकधी. "कसा दिसतो?" मी म्हणायचो, साधाच आहे, माझ्यासारखा. ती मला वरपासून खालपर्यंत पाहायची आणि खोखो हसायची. माझी छाती म्हणजे टांगलेला सदरा, वर चष्मा. हसणारच.

तरी मला आनंद व्हायचा. परतीच्या गाडीत तिचं ते हसणं मी पुन्हा पुन्हा आठवायचो, आणि धुळ्याला खोलीचं कुलूप काढताना सगळं उतरून जायचं. खोलीत पाऊल टाकलं की खळीचा आंबूस वास आणि दुसरं कुणी नाही. रविवारी तर माझा आवाज मला ऐकू यायचा नाही, कारण बोलायचं कुणाशी? चुकून चित्रातल्या लालपंचाशी बोलायचो.

पोरगी सात वर्षांची झाली तेव्हा मी ठरवलं, आता पुरे. दोन खोल्यांची जागा पाहिली. शेजारी खानावळीच्या अक्काच राहायच्या. त्या म्हणाल्या, "आणा पोरीला, शाळेतून आली की माझ्याकडे बसेल." जूनमध्ये शाळेत घालायचं होतं. मी नानांना जाऊन सांगितलं. मामी चुलीपुढून उठून आत गेली. नाना बराच वेळ तंबाखू मळत राहिले. मग म्हणाले, "पोर तुमची आहे, पाव्हने. तुम्ही नेता म्हटलं तर मी कोण अडवणारा? पण रडवून नका नेऊ. तिनं हो म्हटलं पाहिजे. आखाजीला या. तिनं हो म्हटलं, तर त्याच दिवशी कपड्यांची पेटी गाडीत ठेवून देतो."

यात काहीच चुकीचं नव्हतं. मीच कबूल झालो. आखाजी म्हणजे अक्षय्यतृतीया, आमच्याकडे माहेरवाशिणींचा सण. पोरीला मी तेव्हाच विचारलं, "माझ्याबरोबर धुळ्याला येशील राहायला?"

"तठी लालपंचा येईल?"

"तो तिथंच राहतो," मी म्हणालो.

"मंग येईन. पण तो मले स्वतः दिसला पाहिजे."

झालं! मला उपाय सापडला. गठ्ठ्यातल्या एका पुस्तकात शेवटचं पान सबंध एका चित्राचं होतं. तो आरशापुढं उभा राहून मुखवटा काढतोय. कचेरीच्या अर्जासाठी काढलेला माझा एक फोटो होता, त्यातलं तोंड मी ब्लेडनं कापलं आणि साहेबाच्या तोंडावर चिकटवलं. फुग्यात लिहिलं, "पोरी, मीच तुझा बाप. तुला न्यायला येतोय." ती खळ वाळेपर्यंत मी पान हातात धरून बसलो होतो. आखाजीच्या पंधरा दिवस आधी पुस्तक टपालात टाकलं.

ते पंधरा दिवस मी दोन खोल्या धुतल्या, पितळी तांब्या घेतला, एक लहान पोळपाट घेतला. सात वर्षांची पोर काय पोळ्या लाटणार होती? पण घेतला.

आखाजीला गेलो. सगळ्या माहेरवाशिणी आलेल्या, लिंबाला झोके बांधलेले, गाणी चाललेली. माझी बायको असती तर तीही त्या झोक्यावर असती. मी तिकडं पाहिलं नाही. अंगणातून नेहमीचा ओरडा झाला, "पाव्हने आले वो!" पाय धुतले. पोरगी झोक्यावरून उतरून पळत आली, तिच्या हातात ते पुस्तक होतं.

"पाव्हने, ह्या पुस्तकात चुकी झाली व्हती," ती म्हणाली. "मी दुरुस्त केली."

तिनं शेवटचं पान उघडलं. माझ्या तोंडावर एक कागदाचा तुकडा चिकटवलेला होता. भाताची खळ असावी, एक शीत बाजूला वाळलं होतं. तुकड्यावर पेन्सिलीनं काढलेलं तोंड. डोक्यावर टोपी, खाली या कानापासून त्या कानापर्यंत मिशा. नाना. फुग्यातलं अक्षरन् अक्षर तसंच होतं. "मीच तुझा बाप."

मामी मागून धावत आली. "पाव्हने, राग नका मानू, लेकरू आहे. मी तिला सांगितलं, ते तुझेच वडील, हात नको लावू. ऐकतच नाही." तिचे डोळे भरले होते. नाना ओट्यावरून उठले आणि पुन्हा बसले.

राग? आला ना! सगळं पुस्तक फाडून टाकावंसं वाटलं. दोन वर्षं मी नखांत खळ घेऊन जेवलो ते याच्यासाठी? पण समोर ती उभी होती, काहीतरी चांगलं केल्यासारखी, शाबासकीची वाट पाहत. मी खाली बसलो, तिच्या उंचीचा झालो आणि विचारलं, "बाळा, तुला कसं कळलं, लालपंचा म्हणजे नाना?"

"मागच्या उन्हाळ्यात वादळ आलं व्हतं ना," ती म्हणाली. "बठ्ठा बाग, अख्खा बाग पडू राह्यला व्हता. नाना गारांत उभे राहून केळी धरत व्हते. डोक्यातून रगत आलं, तरी धरत व्हते. मी घाबरली तं मले म्हणे, घाबरू नको, मी आलो ना. मी पाह्यलं." मग समजूत घातल्यासारखं म्हणाली, "तुम्हाले कसं माहीत असणार, पाव्हने? तुम्ही तं तव्हा धुळ्याले व्हते."

खरं होतं. मी धुळ्याला होतो. वादळाचं मी वर्तमानपत्रात वाचलं होतं आणि सगळे सुखरूप ना, म्हणून एक कार्ड टाकलं होतं.

नाना म्हणाले, "पाव्हने, घेऊन जा तिला. आठ दिवस रडेल, मग रुळेल. लेकरं रुळतात."

त्यांनी पेटी खरोखर भरून ठेवली होती. दाराच्या आत मला दिसत होती. मी म्हटलं असतं तर नाना स्वतः ती उचलून गाडीत ठेवणार होते, हे मला आजही ठाऊक आहे.

"राहू द्या," मी म्हणालो.

जेवण झालं. आमरस होता, खापरावरची पुरणपोळी होती, पाहुण्याला करतात तसा आग्रह झाला. निघताना पोरगी वेशीपर्यंत आली. "लालपंचाचं पुढचं पुस्तक कधी येईल?" तिनं विचारलं. मी म्हटलं, येईल पुढच्या महिन्यात, त्याला सांगतो.

गठ्ठ्यात अजून नऊ पुस्तकं होती. ती मी सगळी केली. मुखवटा काढलेली चित्रं आता गाळायची गरज नव्हती. जिथं जिथं साहेबाचं तोंड निघालं, तिथं तिथं मी कागद चिकटवून टोपी काढली आणि मिशा काढल्या. पहिल्या पुस्तकात नीट जमल्या नाहीत. पुढं हात बसला.