येतो म्हणायचं तर यायचं

कुमुदला गाडीत बसवलं तेव्हा मी दारात उभी होते. माझ्या मुलाने तिच्या पाठीमागे उशी लावली, पायांवर चादर टाकली. यवतमाळला दवाखान्यात न्यायचं होतं. दारव्ह्याहून यवतमाळ काही लांब नाही, जन्मभर ती तिथे कॉलेजात शिकवायला जायची आणि यायची. ती एक शब्द म्हणेल म्हणून मी थांबले होते. तिने माझ्याकडे पाहिलं, चांगलं पुरतं पाहिलं... आणि मान वळवली. गाडी गेली. दोन-तीन दिवसांनी ती गेल्याचा फोन आला. मुलगा म्हणतो, आत्याच्या नाकाला नळी होती, तिला बोलता येत नव्हतं. नळी नाकाला होती, तोंडाला नव्हती. दारापर्यंत येता येता तिने मला गॅसवरचं दूध उतरवायला सांगितलं होतं.

कुमुद माझी धाकटी नणंद. मी लग्न होऊन आले तेव्हा ती परकर घालून शाळेत जायची. तिने लग्न केलं नाही, का केलं नाही ते मी कधी विचारलं नाही आणि तिने सांगितलं नाही. तिचा भाऊ, म्हणजे माझा नवरा, गेला तरी ती याच घरात राहिली. भांडलो खूप. तिला भाजी निवडता येत नव्हती आणि मला गप्प बसता येत नव्हतं.

सामाजिक मानसशास्त्र हा तिचा विषय. मी चौथी शिकलेली, मला तो शब्दच सलग म्हणता येईना. म्हणजे काय असते, असं विचारलं तर म्हणाली, "माणूस एकटा असला का एक वागते, अन् चार लोकांत दुसरंच वागते. काहून, ते शोधाचं." तेवढ्यासाठी तिच्या खोलीत विटांएवढे जाड इंग्रजी ग्रंथ होते. हे वाचायचे नसतात, अडलं की त्यात पाहायचं असतं, असं ती सांगे. न वाचायची पुस्तकं माणसं विकत घेतात हे मला तिच्यामुळे कळलं. पुढे काही प्राध्यापकांनी मराठीत तसा कोश करायचा ठरवला आणि त्यातल्या काही नोंदी तिच्याकडे आल्या. लिहून झालं की ती मला वाचून दाखवायची. समजलं नाही तर मी सांगायची, समजलं नाही. ती खोडून पुन्हा लिहायची. मी तिला काही शिकवलं असं कोणी समजू नये. ज्ञान तिचं होतं, कंटाळा माझा होता.

कापसाची ती वाईट वर्षं होती. गावोगावी माणसं स्वतःचा जीव देत होती आणि मागे बायका भिंतीला टेकून बसल्या होत्या. सुट्टी असली की कुमुद अशा घरी जायची. बाईमाणसाने एकटं जाऊ नये म्हणून एकदा घरच्यांनी मला सोबत धाडलं. जवळचंच गाव, जीपने गेलो. सुमित्रा नावाची तरुण बाई होती. आमच्या आधी पांढऱ्या गाडीतली सरकारी माणसं चौकशी करून गेली होती. आम्हाला पाहिल्याबरोबर ती पाठ केलेल्या धड्यासारखं सांगू लागली, नवरा कसा गेला, कधी गेला. कुमुदने तिला थांबवलं. "ते राहू दे. तू जेवली काय?" हा प्रश्न धड्यात नव्हता. मग कुमुद तिच्या शेजारी भिंतीला टेकून बसली.

सुतकाच्या घरून निघताना "येतो" म्हणायचं नसतं. पुन्हा अशाच कामाला यायची वेळ येऊ नये म्हणून मुकाट उठायचं, चपला घालायच्या आणि चालू लागायचं. शेंबड्या पोरालाही हे कळतं. कुमुद दारात वळली आणि चांगलं मोठ्याने म्हणाली, "येतो, सुमित्रा." आमच्याकडे बायाही येतोच म्हणतात. सगळं घर थिजलं. सुमित्राची सासू आतून ओरडली, "काय बोलली व बाई हे? आमच्या घरातून अजून कोणाले न्याचं राह्यलं काय?" मी कुमुदचा हात धरून तिला ओढत बाहेर काढलं.

जीपमध्ये मी तिला फाडून खाल्लं. "एवढी शिकली, अन् अक्कल कोठी ठेवून आली?"

ती खिडकीबाहेर पाहत होती. "वहिनी, त्या घरी कितीक लोक येऊन गेले. सगळे मुकाट गेले. मुकाट गेलेल्या माणसाले परत याव लागत नाही. म्हटलं असतं तर याव लागलं असतं."

पण तीही लवकर गेली नाही. कॉलेजात परीक्षा लागल्या. तेवढ्यात ती सासू वारली. म्हातारी होती, तापाने गेली. कुमुद जीप धरायला गेली तर जीपवाला म्हणाला, "मॅडम, तिथं उतरू नका. तुमच्या येतोनं बुढी गेली म्हणून राह्यले लोक." ती तशीच घरी आली. मला वाटलं, हसेल. लोक नसलेलं कारण कसं चिकटवतात यावर तिने कोशासाठी पानभर लिहिलं होतं. पण ती खोलीत बसून राहिली आणि दिवेलागणीला मला म्हणाली, "वहिनी, माझ्यानं तर नाही ना झालं?"

"तूच तर लिहिलं ना, असं काही नसते म्हणून?"

"लिहिलं. पण..."

त्या दिवसापासून तिने येतो म्हणणं सोडलं. सकाळी कॉलेजला जातानासुद्धा काही न म्हणता जाऊ लागली. फाटकाची कडी वाजली की समजायचं, गेली. मी भुताखेतांना मानत नाही. तरी घरातून माणूस रोज असं जायला लागलं की आपलं घरच सुतकातलं वाटतं. पोळी लाटता लाटता माझे हात थांबायचे, कडी वाजायची वाट पाहत.

मग एका बाजाराच्या दिवशी सुमित्रा पत्ता विचारत दारात आली. पाणीसुद्धा घेतलं नाही. उभ्या उभ्या कुमुदला म्हणाली, "तुमी येतो म्हटलं होतं. मी वाट पाहून राह्यली."

"तुझी सासू..." कुमुद चाचरली.

"बुढी तापानं गेली. तुमाले यायचंच नव्हतं, तर म्हटलं कायले?"

कुमुदला असं कोणी झापलेलं मी पाहिलं नव्हतं. मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू. त्या दिवसापासून तिचा नियम झाला, येतो म्हणायचं तर यायचं. जमणार नसलं तर तोंडातून शब्द काढायचा नाही. सकाळी फाटकातून पुन्हा तिची हाक येऊ लागली, "वहिनी, येतो." आणि संध्याकाळी ती यायची.

त्या गावी ती पुढे कितीतरी वर्षं जात राहिली. गल्लीतल्या बायांना एकेकीला, एकटं गाठून तिने विचारलं, येतो म्हटल्याने माणूस मरते असं तुले वाटते काय? जी ती म्हणाली, मी नाही मानत बाई, पण बाकीचे मानतात. कोशात तिने त्यावर नोंद लिहिली, गावाचं नाव न घालता. वाचून दाखवली तेव्हा मी म्हटलं, "यात काय नवीन? नळावरच्या हरेक बाईले माहीत आहे हे."

"माहीत आहे ना," ती म्हणाली, "पण हरेक बाईले वाटते का मले एकटीलेच माहीत आहे."

 

ती गेल्यावर तेरवीपर्यंत घरी खूप लोक आले. मोठमोठे शब्द बोलले. तिच्यासोबत कोश लिहिणारेही आले होते. सगळे मुकाट उठले, चपला शोधल्या आणि गेले. सुमित्रा आली ती गर्दी ओसरल्यावर. केस पिकले आहेत तिचे. भिंतीला टेकून बसली. निघताना फाटकाशी वळून म्हणाली, "येतो, बाई." माझ्या मागे सून दचकली. सुमित्रा पुढच्या बाजाराला आली. त्याच्या पुढच्याही.

मुलगा अजून नळीचंच सांगतो. त्याला तेवढंच बरं वाटत असेल, तर वाटू द्यावं. तिचा नियम मला ठाऊक होता, आणि मला ठाऊक आहे हे तिलाही ठाऊक होतं. म्हणून तर तिने तेवढं पुरतं पाहिलं.

तिच्या यायच्या वेळेला फाटकाची कडी वाजते. वारा असतो. मी उठत नाही, कान मात्र तिकडे जातो. तिची खोली मी रोज झाडते, त्या जाड पुस्तकांवरची धूळ पुसते, खुर्ची होती तिथेच ठेवते. पाठ फिरवली की मागे कोणी पान उलटल्यासारखं वाटतं. पाहिलं तर कोणी नसतं. तरी दार ओढून घेताना मी वळते आणि म्हणते, "येतो."

मला उद्या झाडायला यायचंच असतं.