उलट्या बादलीवरचा माणूस

२००६ च्या उन्हाळ्यात दर रविवारी मी इंग्लंडमधल्या स्लाऊ गावात एका मैदानापाशी गोदाम कामगारांच्या हक्कांची पत्रकं वाटायचो. नंतर तिथेच होणाऱ्या कामगारांच्या सभेत पहिलं भाषणही माझंच असायचं. मैदानात हौशी बेसबॉल चाले, आणि पन्नाशीचा एक अमेरिकन कडेला उलट्या बादलीवर बसून भुईमुगाच्या शेंगा सोलत असे. दोन-दोन तास त्याला कुणी खेळवत नसे. मला राहवेना. मी कॅप्टनला गाठलं, "माणसाला नुसतं बसवून ठेवता, लाज नाही वाटत?"

बादलीवरचा माणूस एवढा हसला की शेंगा सांडल्या. "अरे बाबा, अमेरिकेत बारा वर्षं मी या बसण्याचाच पगार घेतलाय! आधीचा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, अडकला की मला बोलावतात. सामना सुरू करणं माझं काम नाही, वाचवणं आहे."

शेवटच्या डावात त्याच्या संघाकडे एकाच धावेची आघाडी उरली, एकच फलंदाज बाद करायचा होता आणि तिन्ही बेसवर, म्हणजे धावेच्या वाटेवरच्या थांब्यांवर, विरोधी खेळाडू उभे राहिले. तो उठला. रडवेल्या पिचरच्या पाठीवर थाप मारत म्हणाला, "छान टाकलेस. आता जरा बस." तीन चेंडूंत त्याने शेवटचा फलंदाज बाद केला. परत येताना त्याने माझ्याकडून पत्रक मागून घेतलं.

पुढच्या सभेत पहिलं भाषण मी एका लाजऱ्या सहकाऱ्याला करायला दिलं आणि मागे शेंगा सोलत बसलो, हाक येईपर्यंत.